शेतावरचं जेवण, माणशी किती?

पुण्याहून सोलापूरकडे निघालं की 'चुलीवरचं जेवण' अशा पाट्या सुरू होतात. पाटीखाली रंगवलेलं बैलगाडीचं चाक, एखादा कंदील, दर्शनी चूल आणि मागच्या पत्र्याच्या खोलीत गॅसची शेगडी. पुण्यातल्या एका छोट्या सहल कंपनीत रेकीचं काम करणारी ती या पाट्यांकडे धंद्याच्या नजरेनं बघते. रेकी म्हणजे पाहुणे नेण्याआधी जागा स्वतः पाहून येणं. संडास किती आणि कसे, पाणी दिवसभर असतं का, सत्तरीच्या माणसाला टेकायला सावली आहे का, फोनला रेंज आहे का, विंचू-साप निघाला तर दवाखाना किती लांब. सगळ्यात शेवटी जेवण : काय देणार आणि माणशी किती घेणार.

हे काम वाढलं ते कृषी पर्यटनामुळे. बारामतीजवळच्या पळशीवाडीत पांडुरंग तावरे यांनी 2005 च्या सुमारास शेतावर पाहुणे आणायला सुरुवात केली, तेव्हा शेत बघायला पैसे मोजायचे ही कल्पनाच नवी होती. 2020 मध्ये राज्य सरकारनं कृषी पर्यटनाचं धोरण आणलं आणि शेतकऱ्याला रीतसर नोंदणी करून हा जोडधंदा करता यायला लागला. आता बैलगाडीची फेरी, विहिरीत डुंबणं, पिठलं-भाकरी आणि हिवाळ्यात हुरडा हा साचा पक्का झालाय. कंपनीकडे थंडीत सगळ्यात जास्त विचारणा हुरड्याची होते. म्हणून 2024 च्या डिसेंबरअखेरीस तिला मंगळवेढ्याला धाडलं. तिथून पुढे लातूरला मुक्कामाची एक जागा बघायची होती. गाडी चालवणारे दादा औसा तालुक्यातले, त्यामुळे लातूरच्या फेरीवर ते विशेष खूश होते. का, ते पुढे कळलं.

मंगळवेढ्याचं शिवार पहिल्यांदा पाहणाऱ्याला इथली झाडं कुठं गेली असा प्रश्न पडतो. सपाट काळं रान, नजर पोचेल तिथवर ज्वारी, बांधाला एखादी बाभळ. पाऊस बेताचाच, आणि खरा जोर सप्टेंबरात. त्या ओलीवर पेरलेली ज्वारी पुढे काळ्या मातीनं धरून ठेवलेल्या ओलाव्यावर आणि थंडीवर वाढते. तालुक्याला ज्वारीचं कोठार म्हणतात ते उगाच नाही. इथल्या ज्वारीला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, पण तिची ख्याती त्याहून फार जुनी. पंधराव्या शतकातल्या दुष्काळात बिदरच्या सुलतानाची इथली कोठारं दामाजीपंतांनी भुकेल्यांसाठी उघडली आणि त्या धान्याची भरपाई विठ्ठलानं विठू महार होऊन बिदरच्या दरबारात केली, ही कथा महाराष्ट्राला पाठ आहे. ज्वारीच्या मुलखात धान्य वाटणारा संत, आणि आज त्याच्या नावानं चालतो तो साखर कारखाना. उसानं ज्वारीवर केलेली मात इतक्या थोडक्यात दुसरीकडे कुठं दिसायची नाही.

शेताच्या मालकांना तिनं सवयीनं पहिला प्रश्न विचारला : जानेवारीतल्या कुठल्या तारखा धरू? मालकांनी उत्तर न देता तिला रानात नेलं. एका पट्ट्यात ज्वारीचं कणीस अजून पानाच्या आवरणात होतं.

"ही पोटरीत हाय. आता निसवंल, मग फुलोरा, मग दाणा चिकात भरंल. चिकात खाल्ली तर नुसतं पांढरं पाणी. चीक आटला की हुरडा. आणि त्येच्या फुडं गेली की ती भाकरीची ज्वारी, दाताला लागतीया."

एका पट्ट्यातला हुरडा फार तर आठ-दहा दिवस टिकतो. पाहुण्यांचा हंगाम लांबावा म्हणून त्यांनी पंधरा-पंधरा दिवसांच्या अंतरानं तीन पट्टे पेरले होते. तरी हिशेब चुकतोच. कडाक्याची थंडी पडली तर दाणा भरायला उशीर, ऊन तापलं तर लवकर. आभाळ आलं तर चिकटा पडून पानं तेलकट होतात ती वेगळीच. "तारीख मी न्हाई सांगू शकत, ताई. आठवडा सांगतो. दिवस रान सांगंल." तिच्या छापील तक्त्यात 'आठवडा' असा रकाना नव्हता. तिनं तारखेच्या रकान्यात बारीक अक्षरात तसं लिहून घेतलं.

पुण्याच्या आसपास हुरडा म्हणून जे खपतं त्याबद्दल मालकांची मतं तिखट होती. शीतपेटीतून आलेले, प्लास्टिकच्या पिशवीत आधीच सोललेले दाणे तव्यावर परतून द्यायचे, याला ते हुरडा म्हणायला तयार नव्हते. आणि कुठल्याही ज्वारीचा हुरडा होत नाही. भाकरीला मालदांडी, हुरड्याला गुळभेंडी. गुळभेंडीचा दाणा गोड, आणि चोळला की बोंडातून चटकन सुटतो. आता राहुरीच्या कृषी विद्यापीठानं खास हुरड्यासाठी 'फुले उत्तरा' आणि 'फुले मधुर' हे वाण काढलेत. तेही एका कडेला होते. पण पाहुण्यांसाठी आगटीत गेली ती गुळभेंडीच.

आगटी म्हणजे जमिनीत खणलेला वीतभर खोल खड्डा. त्यात शेण्या पेटवायच्या, जाळ संपू द्यायचा आणि नुसता लालबुंद विस्तव राहिला की कणसं दांड्यासकट आत खुपसायची. लाकूड चालत नाही; जाळानं कणीस वरून करपतं आणि आत कच्चं राहतं. कणसावरची कूस जळाल्याचा वास आला की बाहेर काढायचं. खरं कसब यापुढचं. आगटीच्या कडेला पोत्यावर बसलेल्या मावशींनी ते धुमसतं कणीस उचललं, राख झटकली आणि दोन तळव्यांत धरून चोळायला घेतलं. कणीस गार झालं की दाणा बोंडाला धरून बसतो, म्हणून चोळायचं ते गरम असतानाच. हिरवे दाणे सुपात पडले, मावशींनी फुंकर मारून कोंडा उडवला आणि सूप तिच्यापुढे सरकवलं. शेजारी लसणाची चटणी, शेंगदाण्याची चटणी, गूळ, दही. तिनं हौसेनं एक कणीस हातात घेतलं आणि लगेच खाली टाकलं. मावशींचे तळवे तिनं नंतर जवळून पाहिले. बोटांच्या पेरांवरची कातडी गुळगुळीत, जवळजवळ चकचकीत झालेली. दिवसाला चाळीस-पन्नास पाहुणे झाले की संध्याकाळी हात पाण्यात घालवत नाही, असं त्या सहज बोलून गेल्या.

शेतावरच्या जेवणाचा धंदा झाला म्हणून नाक मुरडणारे पुष्कळ आहेत. ती त्यांच्यातली नाही, आणि मंगळवेढ्याचा हिशेब ऐकल्यावर तर मुळीच नाही. रब्बीची ज्वारी इथं मुळासकट हातानं उपटतात. फेब्रुवारी-मार्चात भेगाळलेल्या काळ्या रानातून ताटं उपटणं म्हणजे हाताला फोड ठरलेले. मजूर मिळत नाहीत. यंत्रानं काढली तर कडब्याचा चुरा होतो, आणि कडबा हेच तर ज्वारीचं अर्धं उत्पन्न. दाणा भरला की वरून भोरड्यांचे थवे. पूर्व युरोप आणि मध्य आशियातून हिवाळ्याला आलेली ही गुलाबी पाखरं मिनिटभरात एक कोपरा मोकळा करतात, मग दिवसभर गोफण घेऊन राखण. पोरं म्हणतात, ऊस लावा आणि गप बसा. अशा वेळी कणसं हुरड्यात असतानाच विकली गेली, तर काढणी, मळणी आणि पाखरं ही तिन्ही दुखणी त्या पट्ट्यापुरती टळतात आणि हिरवी ताटं घरच्या जनावरांना होतात. मालकांच्या दहा एकरांत ज्वारी अजून उभी आहे ती या पट्ट्यांच्या जोरावर. दराबाबत तिनं घासाघीस केली नाही. फक्त मावशींना रोज किती मिळतो ते विचारलं आणि तो आकडाही तक्त्यात लिहिला. तो रकाना कंपनीनं केलेला नाही. तिनं स्वतःहून वाढवलाय.

लातूरला पोचेपर्यंत संध्याकाळ झाली. मुक्कामाची जागा दाखवणाऱ्या माणसाला फोन केला तर तो म्हणाला, "उद्या कसं जमंल? उद्या येळवस." दादा आरशातून हसत होते.

येळवस म्हणजे वेळ अमावस्या, मार्गशीर्षातली. लातूर, धाराशिव आणि सोलापूरचा काही भाग, आणि पलीकडे कर्नाटकात बिदर, कलबुर्गी या पट्ट्यात तिला दिवाळीच्या तोडीचा मान. लातुरात जिल्हा प्रशासन स्थानिक सुट्टी देतं. दुकानं बंद, रस्ते ओस, सगळं शहर शेतात. पुण्यात इतकी वर्षं राहून, आणि तेही सहलींच्या धंद्यात, तिनं या दिवसाचं नाव फक्त दादांच्या रजेच्या अर्जात वाचलं होतं. आदल्या संध्याकाळी गंजगोलाईत मात्र पाय ठेवायला जागा नव्हती. 16 रस्ते जिथं येऊन मिळतात त्या या गोल बाजारात तुरीच्या शेंगा, वाटाणा, वालाच्या शेंगा, हरभऱ्याचे डहाळे, आंबट चुका, मेथी, कांद्याची पात, गाजरं, बोरं यांचे ढीग आणि रंगवलेल्या बिंदग्या. लोक भाजी निवडत नव्हते, पिशवीत लोटत होते.

दुसऱ्या दिवशी दादांनी गाडी थेट मामांच्या शेताला लावली. जेवायला जायचं तर आधी कळवायला हवं, काहीतरी न्यायला हवं, हा तिचा शहरी संकोच मामींनी बांधावरच मोडून काढला. "उभ्यानं का? बसा की. अगुदर आंबील घ्या. बिनजेवता गेलाव तर येळवस कशाची?"

शेताच्या मधोमध कडब्याच्या पेंढ्या उभ्या करून केलेली कोप होती. आत मातीवर चुन्यानं रंगवलेले पाच दगड : पांडव. त्यांच्यापुढे चुन्याचे आणि कावेचे पट्टे ओढलेली आंबिलाची बिंदगी, वर आंब्याचा डहाळा. पूजा झाल्यावर मामा आणि घरातली पोरं मोठ्यानं आरोळी देत, उभ्या पिकावर आंबील शिंपडत शेताला फिरून आले. पलीकडे कर्नाटकातही याच दिवशी असाच नैवेद्य पिकात टाकतात. थोडक्यात, त्या दिवशी जेवणाचा पहिला मान शेताचा, मग जनावरांचा, मग आल्यागेल्याचा.

आणि आलेगेले किती! एका शेतात जेवून लोक दुसऱ्या शेतात जात होते आणि तिथंही बसत होते. ज्यांना शेत नाही त्यांना शेतवाले बोलावतात. मामांच्या पंगतीला त्यांचा किराणावाला होता, मुलाच्या शाळेतले मास्तर होते, मोटार दुरुस्त करणारा मुसलमान मेस्त्री बायकोपोरांसह आला होता. तिच्याबद्दल कुणी फारशी चौकशी केली नाही. पुण्याहून आलीय एवढं कळल्यावर एका आजोबांनी तिकडं पाऊस कसा झाला एवढंच विचारलं.

पानात आली ती भज्जी. पुण्यात भजी म्हणतात तिचा या पदार्थाशी काही संबंध नाही. ही हिरवट-पिवळी, दाट, आंबटगोड लपथपीत भाजी. तूर, हरभरा, वाटाणा, वाल यांचे ओले दाणे, शेंगदाणे, चुका, मेथी, पात, गाजर, बोर, चिंचेचा कोळ, वर बेसन लावून घोटलेली. सोबत सजगुऱ्याचे उंडे. सजगुरा म्हणजे बाजरी. तिच्या पिठाचे वाफवलेले मुटके. ते भज्जीत कुस्करायचे. तिळाची भाकरी, ठेचा, गव्हाची खीर आणि दर दोन घासांनी आंबील : ज्वारीचं पीठ ताकात आंबवून शिजवलेली, लसूण-जिऱ्याची, गार. पहिल्या घोटाला तिला ती जरा जास्तच आंबट वाटली. उन्हात अर्धा तास बसल्यावर तिनं आपणहून पेला पुढे केला.

जेवता जेवता तिनं मामांना विचारलं, यातलं काय काय या शेतातलं? मामा मोकळेपणानं हसले. त्यांच्या सहा एकरांत पावसाळ्यात सोयाबीन होतं, आता हरभरा आहे. भज्जीतला हरभरा तेवढा घरचा. तूर बांधाच्या दोन ओळी. बाकी सगळं काल गंजगोलाईतून. कोपीचा कडबासुद्धा शेजारच्यांचा, कारण ज्वारी लावणारं शिवारात आता तेवढंच एक घर. पूर्वी एकाच रानात ज्वारी, तिच्यात तुरीचे पाटे, अंबाडी, मूग, कडेनं करडई, ओलीच्या तुकड्यात वाल नि चुका असायचा. मार्गशीर्षात बाई टोपली घेऊन एक फेरी मारायची आणि भज्जी तयार. म्हणजे भज्जी हा त्या जुन्या शेताचा सातबाराच. रानात काय काय उभं आहे याची नोंद, एका पातेल्यात. नोंद अजून दरवर्षी होते, पिकं मात्र बाजारातून आणावी लागतात. ज्या सोयाबीनवर या घराचा वर्षाचा प्रपंच चालतो, त्याला त्या पातेल्यात जागा नाही. ते ऑक्टोबरातच काढून विकून झालेलं असतं आणि त्याच्या ओल्या दाण्याची भाजी कुणी करत नाही.

मामींनी मात्र विहिरीकडे चार हात जागेत चुका आणि वाल लावला होता. "भज्जीपुरतं," त्या म्हणाल्या.

मामी आणि त्यांच्या दोन जावा आदल्या रात्री उशिरापर्यंत शेंगा सोलत होत्या, पहाटे तीनला चुलीपुढे होत्या, आणि दुपारी तीनला, शेवटची पंगत उठल्यावर, जेवायला बसल्या. येळवशीचं कौतुक करताना लोक बहुधा पुरुषांच्या आरोळ्यांचं आणि पंगतींचं करतात. शेंगांचा ढीग बघितलेला माणूस तेवढ्यावर थांबणार नाही. तिनं सवयीनं अंदाज केला : साठ-सत्तर पानं, तीन बायका, दोन चुली. हॉटेलात एवढ्याला किती माणसं लागली असती, ते तिला पाठ आहे.

संध्याकाळी पोरांनी वाळल्या गवताचा हेंडगा पेटवून पिकाभोवती फिरवला. अंधार पडला तेव्हा लातूरच्या रस्त्यावर पुन्हा गाड्यांची रांग लागली होती, प्रत्येक गाडीत मागे रिकामी पातेली.

पुण्यात बैठक झाली तेव्हा कंपनीच्या मालकांना हुरड्यापेक्षा येळवसच जास्त आवडली. "हे कुणीच करत नाही. चाळीस सीटची बस काढू." तिनं आधी तारखांचा घोळ दाखवला. मार्गशीर्षाची अमावस्या 2022 मध्ये 23 डिसेंबरला होती. 2023 या सालात ती आलीच नाही, कारण त्या वर्षी अधिक श्रावण पडला आणि ती सरकून 11 जानेवारी 2024 ला गेली. मग त्याच 2024 मध्ये 30 डिसेंबरला दुसरी. छापील वार्षिक पत्रकात हे बसवणं सोपं नाही. पण तारीख ही अडचण किरकोळच. चाळीस पाहुणे एका शेतात उतरवले की तिथं येळवस उरत नाही, केटरिंग सुरू होतं. बोलावणारा आणि येणारा एकमेकांच्या ओळखीतले किंवा ओळखीच्याच्या ओळखीतले असतात, यावरच तो दिवस चालतो. आणि मंगळवेढ्याच्या मावशींना रोज मिळतो. मामींना चाळीस जादा पानांचं काय द्यायचं, आणि ते त्या घेतील का?

हुरड्याची सहल मंजूर झाली. बुकिंग आठवड्याचं घ्यायचं, नेमका दिवस चार दिवस आधी सांगायचा. हिशेब बघणाऱ्या सहकाऱ्यानं कुरकुर केली, कारण संगणकातला फॉर्म तारखेशिवाय पुढे सरकत नाही. काही पाहुण्यांनीही रजा कशी टाकायची म्हणून नाद सोडला. जे आले त्यांना दाणा गोड मिळाला.

येळवशीपुरता तिनं वेगळा प्रस्ताव ठेवला : चार-पाच जणच न्यायचे, आणि तेही जेवायला नव्हे, आदल्या संध्याकाळी शेंगा सोलायला. कल्पना मामींचीच होती. निघताना त्या म्हणाल्या होत्या, "फुडच्या बारीला आदल्या रातीलाच या. खाणारी लई हायत, सोलणारी कमी पडलालेत." मालकांना ते पटलं, पण माणशी किती लावायचे ते त्यांना तिथल्या तिथं हवं होतं. तिनं दादांकरवी फोन लावला. मामींनी किती जण येणार, त्यातल्या किती जणांना खरंच शेंगा सोलता येतात आणि रात्री कितीपर्यंत जागतील, एवढं विचारून घेतलं. पैशाचं काय ते मामांशी बोला म्हणाल्या. मामा रातपाळीच्या लाईटवर हरभऱ्याला पाणी देऊन नुकतेच आडवे झाले होते. चारनंतर फोन करा, असा निरोप मिळाला.